रामाच्या नावावरचा पाळणा

रिकामा पाळणा हलवू नये, हे आंजी गावात कुणाला शिकवावं लागत नसे. का हलवू नये, हे मात्र कुणाला सांगता येत नसे, आणि म्हणूनच नियम पक्का होता. कारण माहीत असलं की माणूस पळवाट शोधतो. याच्या जोडीला दुसरा नियम होता. मूल जन्माला येऊन रडल्याशिवाय पाळण्याच्या लाकडाला हत्यार लावायचं नाही. पाळणा आजोळचा, आणि बारसं बाराव्या दिवशी. म्हणजे लाकूड चिरण्यापासून कड्या अडकवण्यापर्यंत सुताराच्या हाती दिवस उरत बारा. नियम करणारा कोण होता ते ठाऊक नाही, पण तो सुतार नव्हता.

नानाजी सुतार होते. शिवाय चौपन्न सालच्या त्या फाल्गुनात ते आजोबा होण्याच्या बेतात होते, पण असं मोठ्यानं कुणी म्हणत नव्हतं. लेक जयवंता सातव्या महिन्यात माहेरी आली होती आणि घरातली माणसं तिच्या पोटाबद्दल अशी बोलत, जणू ते शेजाऱ्यांचं आहे. दोन वर्षांपूर्वीचं पहिलं बाळंतपण याच घरात झालं होतं. मुलगा होता. तो रडला तशी नानाजींनी नियमाप्रमाणे सागवानाला करवत लावली. पाचव्या दिवशी मूल गेलं तेव्हा पाळण्याचे चारही खांब कापून तयार होते. सहाव्या दिवशी त्यांनी ते लाकूड कुणाच्या तरी तिफणीत घालून टाकलं. कुणाच्या, ते घरात कधी सांगितलं नाही, आणि मनकर्णाबाईंनीही नवऱ्याला विचारलं नाही.

होळीला व्याही आले. सदाशिवराव, पुलगावचे. तेही सुतारच, पण गाव सोडून तीस वर्षं झाल्यामुळे ते स्वतःला मिस्त्री म्हणत आणि कामाला फर्निचर. साहेबलोकांच्या बंगल्यांवर त्यांच्या खुर्च्या होत्या. साहेब खुर्चीत कसा रेलून बसतो, हे त्यांना दाखवायचं असे. नानाजींच्या घरी खुर्ची नव्हती, म्हणून त्यांनी ते ज्वारीच्या पोत्यावर बसून दाखवलं.

पुरणपोळी जिरत आली तसे सदाशिवराव म्हणाले, "व्याहीबुवा, एक गोष्ट सांगू का? राग नका मानजा."

असं सुरू होणारं वाक्य राग मानण्यासाठीच केलेलं असतं. नानाजी म्हणाले, "सांगा ना."

"लग्नात तुमी आमच्या प्रभाकरले बाज देल्ली. चांगली हाय. पन कूस बदलली का वाजते. शेजारचा म्हातारा म्हनते, मले घड्याळाची काय गरज, भिंतीपल्याड नानाजीची बाज हाय!"

सदाशिवराव पोट धरून हसले. मुलीकडच्यांनी हसायचं असतं तेवढं नानाजीही हसले. बाज वाजत होती हे खरंच होतं. लग्न घाईत ठरलं, तेव्हा पाऊस लागला होता, लाकूड ओलं होतं. पुलगावच्या उन्हात ते सुकलं आणि सांधे सैल पडले. हे कुठल्याही सुताराला कळतं. सदाशिवरावांनाही कळत होतं, म्हणून तर ते सांगण्यात अर्थ नव्हता.

"तवा पाळन्याची फिकर तुमी करूच नका," सदाशिवरावांनी मुद्द्यावर हात घातला. "देवाच्या दयेनं सारं नीट झालं, त मीच आनतो पुलगावहून. खरादावरच्या दांड्या, वरतून वार्निश. बारा दिवसांत तुमच्यानं होनार नाई ते. वखर थोडीच हाय?"

आतून मनकर्णाबाईंनी पातेलं आपटलं. जन्माआधी पाळण्याचं नाव घेतल्याबद्दल ते पातेलं होतं.

"पाळना आजोळचाच असते," नानाजी म्हणाले.

"असते ना, बापा. पन वाजनारा नसते."

सदाशिवराव गेले आणि नानाजी बोटं मोजू लागले. कापणं दोन दिवस. रंधा दोन दिवस. कठड्याच्या दांड्या बत्तीस, त्या खरादाशिवाय हातानं गोल करायच्या, दिवसाला चार धरल्या तरी आठ दिवस. बारा इथंच संपले. सांधे, खुंट्या, तेलाचा हात आणि लोहाराकडच्या कड्या तेराव्या दिवसापासून पुढं. दांड्या बत्तीसच्या सोळा केल्या असत्या तर गणित सुटलं असतं. पण बत्तीसच्या सोळा करणं म्हणजे सदाशिवराव म्हणत होते ते खरं आहे असं लिहून देणं. दोन दिवस नानाजींनी हे गणित वेगवेगळ्या टोकांनी घातलं. दर वेळी उत्तर आलं की जो माणूस नियम पाळेल त्याचा पाळणा वाजेल.

तिसऱ्या दिवशी त्यांनी माळ्यावरचं चांद्याचं सागवान खाली काढलं. आठ वर्षं वाळलेलं ते लाकूड बोटाच्या पेरानं ठोकलं तर पितळेसारखं बोलायचं. ते ओलं निघण्याची भीती नव्हती. भीती होती ती वेगळीच, आणि ती लाकडात नव्हती.

दुकान म्हणजे घराच्या बाजूची टिनाची छपरी. तिथं भिंतीशी बंडीचं एक मोठं चाक टेकवून ठेवलं होतं. त्याच्यामागं नानाजींनी कोळशानं नकाशा काढला आणि कुणी आलं की चाक पुन्हा त्यावर सरकवलं. पाळण्याची गोम अशी असते की बाळाचं डोकं त्याच्या धडापेक्षा जड. कड्या बरोबर मध्यावर लावल्या तर पाळणा डोक्याकडं झुकतो आणि झोका वाकडा जातो. म्हणून कड्या चार बोटं उशाकडं सरकवायच्या. चार की साडेचार, हे पुस्तकात नसतं. शिवाय खिळा लावायचा नाही. खिळा लोखंडाचा, तो उन्हाळ्या-पावसाळ्यात लाकडासारखा फुगत-सुकत नाही, मग भोक मोठं होतं आणि कुरकुर तिथून सुरू होते. साऱ्या खुंट्या लाकडाच्याच, आणि दांडी भोकात बसली पाहिजे ती ओठ मिटल्यासारखी.

बारा दांड्या झाल्या तेव्हा मनकर्णाबाई छपरीत आल्या. त्या सहसा येत नसत. भुसा पायाला लागतो म्हणत. त्यांनी दांड्यांकडं पाहिलं, मग नवऱ्याकडं पाहिलं.

"हे काय करून राह्यले?"

नानाजींना देव्हारा म्हणता आलं असतं, जिन्याचा कठडा म्हणता आलं असतं. पण चाळीस वर्षं खोटं बोलण्याची सवय नसली की ऐन वेळी जिभेवर खऱ्याच्या सगळ्यात जवळचं खोटं येतं.

"पाळना," ते म्हणाले.

मनकर्णाबाईंचा हात छातीवर गेला.

"रामाचा," नानाजी घाईनं म्हणाले. "देवळातला. रामनवमीचा."

मनकर्णाबाईंनी श्वास सोडला. डोळे भरून आले आणि पदर तोंडाशी गेला. "आधी नाई का सांगाव? मी भेली ना!" त्या घरात गेल्या, आणि पाचच मिनिटांनी घागर घेऊन विहिरीवर. घरातले दोन्ही रांजण भरलेले होते.

दिवस मावळायच्या आत वासुदेवराव आले. हे राममंदिराचे पंच. शेती मोठी, आवाज त्याहून मोठा. हातात नारळ.

"नानाजी, पाया पडतो तुमच्या!" ते खरोखर वाकले. नानाजी मागं सरून रंध्याला अडखळले. "जुन्या पाळन्याचं बूड वाळवीनं खाल्लं. मागच्या साली रामजन्माले देवाले सुपात झुलवलं आमी. सुपात! मले रडू आलं. गावात एवढे श्रीमंत, पन कोनाले सुचलं नाई. सुचलं कोनाले?"

"नाई, पन..."

"नवस बोलला असान. जयवंतासाठी. नका सांगू, नवस सांगाचा नसते." वासुदेवरावांनी नारळ तिथंच लाकूड ठोकायच्या ओंडक्यावर फोडला आणि पाणी तयार दांड्यांवर शिंपडलं. आठ वर्षं वाळलेल्या सागवानावर पाणी पडलेलं पाहून नानाजींच्या तोंडून जो आवाज निघाला, तो वासुदेवरावांनी भक्तीचा धरला. "रामनवमीले दहा वाजता गाडी धाडतो. बैल सजवून."

अशा रीतीनं नानाजींनी न बोललेला नवस गावाला माहीत झाला. नवस आधी बोलतात, मनासारखं झालं की फेडतात. यांचा उलटा होता. बोलायच्या आधीच फेडणं ठरलं होतं, आणि मनासारखं होणं अजून व्हायचं होतं. देव अशा व्यवहाराला काय म्हणतो, हे विचारायला कुणी नव्हतं. पंच तर नारळ फोडून गेले होते.

नानाजींनी स्वतःची समजूत घातली. एका अर्थी सुटलो. पाळणा रामाचा झाला, म्हणजे मूल जन्मायच्या आधी तो केला असं होत नाही. राम तर दर साली जन्मतोच, त्यात दगाफटका नाही. पुढचं पुढं. पण लाकडाला खोटं कळतं. दांडी भोकात बसवताना त्यांच्या हाताला ठाऊक होतं की हे कुणाचं आहे. साडेतीन शेर वजनाच्या बाळाच्या डोक्याचा अंदाज घेऊन त्यांनी कड्यांच्या जागा काढल्या होत्या. पितळेच्या रामाचं डोकं कुणी मोजलं होतं?

रामनवमी सहा दिवसांवर आली. त्या दिवशी भर दुपारी पाळणा सांधून पुरा झाला. नानाजींनी तो छपरीच्या आडव्या लाकडाला दोरांनी टांगला. सूत लावून पाहिलं, चारही कोपरे एका पातळीत. आता झोका पाहायचा. जुनी माणसं पाळण्यात वरवंटा ठेवून झोका पाहत, म्हणजे पाळणा रिकामा राहत नाही. वरवंटा घरात होता. मनकर्णाबाईंना मागितला असता तर कशाला विचारलं असतं, आणि रामाच्या पाळण्याला बाळाएवढ्या वजनाचा झोका कशाला, हेही. म्हणून बाहेरून दगड आणायला नानाजी उठले. पाळण्याच्या बाजूनं निघाले. आणि जाता जाता हातानं त्याला ढकललं.

त्यांनी ढकललं नाही, हातानं ढकललं. चाळीस वर्षं दार बसवलं की तो हात दार लोटून पाहतो, चाक बसवलं की फिरवून पाहतो. हात हातासारखा वागला. पाळणा गेला, आला. गेला, आला. सरळ जात होता, साडेचार बोटंच बरोबर होती. नानाजी खूश होऊन पाहत राहिले. तिसऱ्या झोक्याला त्यांना कळलं आपण काय पाहतो आहोत.

त्यांनी दोन्ही हातांनी पाळणा धरला, तो थांबला. छपरीत कुणी नव्हतं. रस्त्यावरून एक बंडी गेली, तिच्या आसाला तेल हवं होतं.

रामाचा आहे, त्यांनी स्वतःला सांगितलं. रामाच्या पाळण्याला तो नियम नाही. तरी पाळण्यावरचे हात त्यांनी सोडले नाहीत.

तेवढ्यात घराच्या बाजूनं मनकर्णाबाईंचा आवाज आला. जयवंताशी बोलत होत्या, हळू, पण टिनाला ऐकू येतंच. "नाई म्हनजे केव्हापासून नाई हाललं?" जयवंता काहीतरी म्हणाली, ते कळलं नाही. "बरं बरं, भिऊ नको. तानाबाईले बोलावतो."

नानाजी तेलाची बाटली घेऊन सरळ मारुतीकडं गेले. पायात चपला नव्हत्या, हे देवळापाशी गेल्यावर कळलं.

तिथून पुढचे दोन दिवस त्यांनी काय खाल्लं, त्यांना आठवत नाही. घरात बायका नेहमीसारख्या वावरत होत्या. पण त्यावरून काही ठरवता येत नाही. दोन वर्षांपूर्वीही चौथ्या दिवसापर्यंत त्या नेहमीसारख्याच वावरत होत्या. पोट हाललं का, हे विचारायची सोय नव्हती. बाप असल्या गोष्टी विचारत नाही. बैल आजारी पडला तर दर तासाला गोठ्यात जाऊन पाहता येतं. लेकीचं तसं नसतं. नानाजी अंगणात खाकरत, आतला आवाज ऐकत आणि पुन्हा छपरीत जाऊन पाळण्याकडं पाठ करून बसत.

तिसऱ्या दिवशी तानाबाई जयवंताच्या अंगाला तेल लावून परत निघाली. ही गावची सुईण. अर्धं गाव तिच्या हातांवर आलं होतं आणि त्यामुळं ती अर्ध्या गावाला अरे-तुरे करी. नानाजींनी तिला कडुनिंबाखाली गाठलं.

"तानाबाई, एक गोष्ट इचारू?"

"इचार."

"रिकामा पाळना हालवला, त का होते?"

"कोनं हालवला?"

"इथं कोनं नाई. पुलगावले हालवला म्हने एका मानसानं."

"कोनाच्या पोटावर?"

"त्याच्या... लेकीच्या."

"बाप असून? अक्कल हाय का गहान टाकली?"

"मुद्दाम नाई ना, बाई. कामाच्या भरात. हाताची खोड असते एकेकाच्या."

"वाढई हाय का तो? सुतारकाम करते?"

नानाजींनी निंबाकडं पाहिलं. "असन बापा. मी इचारलं नाई."

तानाबाई पान चघळायची थांबली. त्यांच्याकडं तिनं बराच वेळ पाहिलं आणि पिंक टाकली. "त्या पुलगाववाल्याले सांगजो. जिच्या पोटावर हालवला, तिच्यापुढं कबूल हो म्हना. तिच्या तोंडून 'जाऊ द्या' निघालं का उतरते. दुसरा इलाज नाई. अन् लवकर म्हना. पोटातलं पोट्टं कोनासाठी थांबत नाई." ती चार पावलं गेली आणि वळली. "अन् त्याले म्हना, जेवत जा दोन घास. हाडं दिसून राह्यली."

कबूल होणं म्हणजे काय काय कबूल होणं, हे नानाजींनी वाटेनं मोजलं. हलवला हे एक. मुळात केला हे दोन. रामाचा नाही हे तीन. बायकोशी खोटं बोललो हे चार. वासुदेवरावांचा नारळ फुकट गेला हे पाच. इलाज एकाच गोष्टीवर होता आणि तिच्या शेपटीला चार बांधलेल्या होत्या.

दुसऱ्या दिवशी मनकर्णाबाई दळण घेऊन गेल्या. जयवंता ओसरीत पाय पसरून सुपात तुरीची डाळ निवडत होती. नानाजी आले, खांबाला टेकून बसले. डाळ यंदा बरी आहे म्हणाले. उन्हाळा फार आहे म्हणाले. त्या खांबाला चीर गेली आहे, बदलायला हवा, असंही म्हणाले.

"बाबा," जयवंता म्हणाली, "काय झालं?"

"तो पाळना रामाचा नाई."

"मले माहीत हाय."

"कसं?"

"रामाची मूर्ती वीतभर हाय. एवढ्या पाळन्यात देव सापडनार नाई कोनाले." तिनं एक खडा टाकला. "आईले नाई समजलं. तिले समजून घ्याचंच नाई."

नानाजींनी दोन्ही हात मांडीवर पालथे ठेवले. "जयवंता, तो मी हालवला. रिकामा. दुपारी, त्या दिवशी. तीन झोके गेले. मंग धरला."

जयवंतानं सूप खाली ठेवलं. ओसरीवर एक चिमणी आली, डाळीचा दाणा घेऊन गेली. नानाजींना वाटलं, आता ही पोटावर हात ठेवेल आणि रडेल, आणि आपण इथून उठून कुठं जायचं.

"मी बी हालवला," जयवंता म्हणाली.

"काय?"

"त्याच दिवशी. तुमी मारुतीकडं गेलते तवा. आई तानाबाईले बोलवाले गेलती. मामाजी होळीले म्हनत होते ना, वाजन म्हनून? मी आतून आयकत होती. मले वाटलं, एकदा पाहाव."

अशा वेळी बापानं कपाळावर हात मारायला हवा होता. निदान देवाचं नाव घ्यायला हवं होतं.

"वाजला का?" नानाजींनी विचारलं.

"नाई वाजला."

"कडीपाशी बी नाई? परतीच्या झोक्याले?"

"नाई, बाबा. जरा बी नाई."

नानाजींचा चेहरा क्षणभर असा झाला की जयवंताला हसू आलं. मग त्यांना आपण काय विचारलं ते कळलं आणि चेहरा पुन्हा पडला. "अन् पोट? हालत नव्हतं म्हने..."

"ते सकाळपासूनच चुप होतं. मी भेनं आईले उशिरा सांगतलं. पाळना हालवला अन् यानं अशी लाथ मारली का मी दोर धरला. तवापासून चैन नाई पडू देत. आईले सांगतलं ना मी तवाच."

"मले कोनं सांगतलं?"

"तुमाले कसं सांगाव? बाईमानसाची गोष्ट."

तर साडेतीन दिवस नानाजी ज्या गोष्टीपायी जेवले नव्हते, ती घरात सगळ्यांना माहीत होती. फक्त ती त्यांना सांगण्यासारखी नव्हती.

"'जाऊ द्या' म्हन," नानाजी म्हणाले.

"काऊन?"

"म्हन तू."

"जाऊ द्या."

नानाजींच्या छातीवरचं काहीतरी उतरलं. अर्धंच उतरलं. कारण जयवंतानं लगेच विचारलं, "अन् मी हालवला त्याचं? मी कोनापुढं कबूल होऊ? पोट त माझंच हाय."

याची तरतूद तानाबाईच्या इलाजात नव्हती. बाप-लेक एकमेकांकडं पाहत राहिले. दारात मनकर्णाबाई दळणाची पाटी घेऊन उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "काय झालं? चेहरे काऊन उतरले?" दोघं एकदम म्हणाले, "काई नाई."

रामनवमीला सजवलेले बैल आले आणि पाळणा घेऊन गेले. देवळात दुपारी बाराला जन्म झाला, गुलाल उडाला. मूर्ती पाळण्यात ठेवली ती खरोखरच सापडेना. वासुदेवरावांनी गाद्या मागवल्या, मग उशा, तेव्हा कुठं देवाचा मुकुट कठड्यावर दिसू लागला. बायका पाळणा म्हणत होत्या, झोके देत होत्या. नानाजी खांबाजवळ डोळे मिटून उभे होते. लोकांनी ते पाहिलं आणि नानाजी फार भाविक झाले असं गावात पसरलं. ते सांधे ऐकत होते. बाईमाणसांच्या गाण्यातून, टाळांतून, दोराच्या करकरीतून त्यांनी लाकडाचा आवाज शोधला. नव्हता.

पाळणा देवळातच राहिला. आता माळ्यावर उरल्या होत्या सागवानाच्या चार फळ्या आणि शिवणीच्या लाकडाचे दोन तुकडे. ते नानाजींनी खाली काढले, छपरीत ओळीनं मांडले आणि हत्यारं घासून बाजूला ठेवली. पण हात लावला नाही. या वेळी नियम म्हणजे नियम. कोळशाची रेघसुद्धा नाही.

रामनवमीनंतर नवव्या दिवशी सकाळी जयवंताला कळा लागल्या. तानाबाई आत गेली, दार लागलं. नानाजी छपरीत फळ्यांसमोर बसले आणि दोन्ही तळहात मांडीखाली दाबून धरले. हातांचा भरवसा नव्हता. ऊन चढलं. टिन तापून टकटक करू लागलं. आतून कण्हणं यायचं, मग तानाबाईची शिवी, मग काही नाही. "काही नाही" हे सगळ्यात वाईट होतं. पोस्टमन आला, थांबला, नानाजींचं तोंड पाहून तसाच गेला. गावात बातमी आधीच होती. कुणीतरी पाणी आणून ठेवलं, ते तसंच राहिलं. हात मांडीखाली मुंग्या येऊन मेले होते.

मग ते आलं. आधी मांजरासारखं, मग खणखणीत.

मनकर्णाबाई दार उघडून ओरडल्या, "पोट्टी झाली! आयकलं का, पोट्टी!" नानाजींनी ऐकलं होतं. मुंग्या आलेल्या हातात करवत धरवेना, तरी पहिली फळी निम्मी चिरून झाली होती.

"पाहाले त या!"

"येतो," नानाजी म्हणाले. "बाराच दिवस हाय."

त्यांनी जाऊन पाहिलं. लाल, सुरकुतलेली, रागावलेली होती. डोकं अपेक्षेपेक्षा लहान होतं, म्हणजे कड्या साडेचार नाही, चार बोटं. परत येऊन त्यांनी रंधा धरला. आत रडणं चालू होतं आणि बाहेर रंधा चालू होता. सागवानाच्या लांब साली सुटत होत्या. दुपारी आतलं रडणं थांबलं. रंधाही थांबला. नानाजी फळीवर ओणवे झालेले तसेच राहिले आणि कान लावला. काही नाही. ते उठले, दारापर्यंत गेले, परत आले. बसले. पुन्हा उठले.

मनकर्णाबाई बाहेर आल्या. "काऊन येरझारा घालून राह्यले?"

"रडत नाई ते."

"झोपली हाय."

"झोपली?"

"दूध पेली अन् झोपली. लेकरं झोपतात. तुमी तुमचं काम करा."

नानाजींनी रंधा उचलला आणि तसाच धरून ठेवला. रंध्याच्या आवाजानं ती जागी झाली असती. न रंधावं तर दिवस जातो. सोळाच दांड्या कराव्यात का, असाही विचार येऊन गेला. मग त्यांनी रंधा खाली ठेवला, कंदिलाच्या फुटलेल्या काचेचा एक तुकडा शोधला आणि त्याच्या धारेनं तीच फळी खरवडायला घेतली. काचेचा आवाज होत नाही. काम फार सावकाश होतं, पण लाकूड गुळगुळीत निघतं. दर चार खरवडींनंतर ते थांबत, दाराकडं कान करत आणि आतून श्वास ऐकू येतो का पाहत. टिनाच्या छपरीतून तो ऐकू येणं शक्य नव्हतं. तरी ते थांबतच होते.